निर्मातीचा अबोला

शेतकरी उत्पादक कंपनीला आमच्याकडे सगळे 'प्रोड्यूसर कंपनी' म्हणतात. औसा रस्त्यावरच्या आमच्या पाटीवरही तसंच लिहिलंय. कंपनी म्हणजे एक गोदाम, धान्य साफ करायचं एक मशीन, एक वजनकाटा आणि मी. कृषी महाविद्यालयातून बाहेर पडल्यावर नोकरी लागेना, तेव्हा गावच्या शेतकऱ्यांनी मला तिथं व्यवस्थापक म्हणून बसवलं आणि मी बसलो तो बसलोच. असल्या माणसाला पॅरिसहून सिनेमाच्या निर्मातीचा ईमेल यायचं काही कारण नव्हतं. पण आला. बाईंना लातूर जिल्ह्यात मदतीला एक स्थानिक प्रोड्यूसर हवा होता. त्यांनी इंटरनेटवर 'लातूर' आणि 'प्रोड्यूसर' हे दोन शब्द टाकले आणि नाव निघालं आमचं.

तुमच्याकडे माणसं किती, गाड्या मिळतील का, सामान ठेवायला कोरडी जागा आहे का, एका प्रॉडक्शनला किती वेळ लागतो, असं त्यांनी विचारलं होतं. सगळे प्रश्न आमच्याच धंद्याचे. मला वाटलं, तूरडाळ नेणारी कुणी परदेशी पार्टी असेल. कंपनीच्या अध्यक्षांना फोन केला तर ते म्हणाले, "दे की मग उत्तर. बसून काय राहिलास? इंग्रजी जरा झाडूनपुसून लिही." मी लिहिलं: माणसं भरपूर, गाड्या आहेत, गोदाम कोरडं आहे, आणि खरिपात प्रॉडक्शनला चार महिने लागतात. दोन दिवसांनी उत्तर आलं. "मला एका प्रॉडक्शनला चार वर्षं लागतात. तुमची कंपनी माझ्यापेक्षा बरी. मी येते." खाली त्यांनी आपला हुद्दा लिहिला होता, स्वतंत्र चित्रपट निर्माती. तो वाचून मी गोदामात एकटाच हसत बसलो. चूक लगेच कळवायला हवी होती, हे मला समजत होतं. मी कळवली नाही. आजवर मला शोधत कुणी आलं नव्हतं, आणि ते सुख मला सोडवेना, हे कबूल केलेलं बरं.

बाई आल्या तेव्हा सत्तरीच्या आसपास होत्या. ठेंगण्या, पांढरे केस कानाशी कापलेले, पायात कापडी बूट. पोत्यांच्या थप्पीसमोर त्या उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "हे तुझं प्रॉडक्शन?" मी मान खाली घालून हो म्हटलं. त्या मोठ्यानं हसल्या. म्हणाल्या, "आमच्या भाषेतही पिकवणाऱ्याला आणि सिनेमा काढणाऱ्याला एकच शब्द आहे. चालेल. तूच चालशील." तेवढ्यावर मी त्यांचा स्थानिक प्रोड्यूसर झालो. माझ्या बायकोनं रात्री विचारलं, "म्हंजे नेमकं काय करायचं तुमी?" मला सांगता आलं नाही.

पुढं प्रवासात बाईंनी मला त्याचं उत्तर हप्त्याहप्त्यानं दिलं. लातूरहून नांदेडकडे, नांदेडहून किनवटच्या बाजूला जाताना त्या पुढच्या सीटवर बसून बोलत. त्यांचं इंग्रजी नाकातलं, माझं औश्याचं, पण हळूहळू बसलं. तरुणपणी त्या एका सिनेमा कंपनीत टाइपिस्ट होत्या. लोकांच्या पटकथा टाइप करता करता त्यांच्या लक्षात आलं, की ज्या आपल्याला आवडतात त्या सगळ्या साहेबाच्या टेबलावरून परत येतात. एक दिवस परत आलेली एक पटकथा त्यांनी पर्समध्ये घातली आणि नोकरी सोडली. ती लिहिणारा मुलगा त्यांच्याहून तीन वर्षांनी लहान होता. त्या दोघांनी मिळून मग चाळीस वर्षांत नऊ सिनेमे केले. मिठागरातल्या मजुरांवर एक, डोंगरातल्या एका शाळेवर एक, बंद पडलेल्या एका रेल्वे स्टेशनवर एक. त्यातला एक एकाच थिएटरात एकच आठवडा चालला. बाई रोज जाऊन शेवटच्या रांगेत बसत होत्या. "रिकाम्या खुर्च्यांत बसायला कुणीतरी लागतं," त्या म्हणाल्या, "ते काम निर्मात्याचं." त्यांच्या पाठीशी कुठली बडी कंपनी कधी नव्हती. एका बेकरीच्या वर दोन खोल्यांचं ऑफिस, एक मदतनीस मुलगी, आणि त्या स्वतः. स्वतंत्र म्हणजे काय, असं मी विचारलं तेव्हा त्या म्हणाल्या, "नाही म्हणायला वर कुणी नसतं, आणि हो म्हणायलाही."

त्यांच्या कामाच्या दोन पद्धती मला फार आवडल्या. पहिल्या दिवशी सगळ्या कामगारांचं जेवण त्या स्वतः आधी चाखायच्या. आणि सिनेमा पूर्ण झाला की त्याचा पहिला खेळ, जी माणसं त्यात आहेत त्यांच्यासाठी, त्यांच्या गावात. मग बाकी जग. नऊही सिनेमांना त्यांनी हे पाळलं होतं.

तो पटकथावाला मुलगा म्हणजे आता मागच्या सीटवर बसलेले आमचे दिग्दर्शक साहेब. उंच, पोक आलेले, इंग्रजी माझ्याहूनही तोडकं. हा त्यांचा दहावा सिनेमा होता. गोष्ट साधी. लातूरच्या डाळ मिलमध्ये डाळ निवडणारी एक बाई पंचवीस वर्षांनी माहेरी जाते, इस्लापूरकडे, आणि सहस्रकुंडाच्या धबधब्यासमोर उभी राहते. बस्स. नटी घ्यायची नव्हती. एका मिलमध्ये काम करणाऱ्या एक मावशी मिळाल्या, आणि त्यांचं माहेरही खरोखर त्याच बाजूचं निघालं. कॅमेऱ्यासमोर त्या अशा वावरत, की तो कुणीतरी विसरून ठेवलेला स्टूल असावा.

साहेब आणि बाई यांचं पहिलं भांडण मी लातूरच्या बाजारात बघितलं. एक भिंत फ्रेममध्ये घ्यायची की नाही, एवढ्यावरून. फ्रेंचमध्ये दोघं असे कडाडले, की आडतीवरची माणसं बाहेर आली. वाटलं, झालं, सिनेमा गेला बोंबलत. अर्ध्या तासानं बघतो तर दोघं गाडीच्या सावलीत एक सीताफळ वाटून खाताहेत आणि बाई आपल्या तळहातावर त्यांच्या बिया घेताहेत. भिंत त्यांनी घेतली होती, पण अर्धीच, आणि ती अर्धी भिंत खरंच बघण्यासारखी होती. असं दर दोन-चार दिवसांनी व्हायचं. बाई मला म्हणाल्या, "आम्ही ओरडतो तेव्हा घाबरू नकोस. तेव्हाच सिनेमा पुढं सरकत असतो." मी मान हलवली. पण मनातून मला ते पटत नव्हतं. वयस्कर माणसांनी चारचौघांत असा आवाज चढवणं मला बरं दिसत नव्हतं.

मोठं भांडण इस्लापूरला झालं. पाऊस संपला होता आणि पैनगंगेचं पाणी रोज थोडं उतरत होतं. नदीकाठचं थोडं काम आणि शेवटचा प्रसंग तेवढा राहिला होता. मावशी धबधब्यासमोर पाठमोऱ्या उभ्या राहणार. साहेबांचं म्हणणं, की तिनं तसंच उभं राहावं, पाण्याकडे बघत, आणि सिनेमा संपावा. बाईंचं म्हणणं, की शेवटी तिनं वळावं, चेहरा दिसावा. एका मानेवरून दोघं दुपारभर भांडले. आणि मग साहेब काहीतरी बोलले आणि बाई एकदम थांबल्या. ते काय होतं, ते मला संध्याकाळी कॅमेरावाल्याकडून कळलं. साहेब म्हणाले होते, "तू जन्मात एक फ्रेम काढलेली नाहीस." निर्माता नेमकं करतो काय, हा प्रश्न त्या बाईंना आयुष्यभर जगानं विचारला होता. ज्यानं विचारायचा नव्हता त्यानं तो त्या दिवशी विचारला.

त्यानंतर दोन दिवस काम बंद. साहेब विश्रामगृहाच्या खोलीतून बाहेर येईनात, बाई जेवायला येईनात. सगळी माणसं खडकावर बसून पाणी उतरताना बघत होती. आणखी चार दिवसांत तिथं नुसता दगड दिसला असता. मावशी मला म्हणाल्या, "पावनं, त्या दोघाला सांगा की कुनीतरी. पानी थांबनार हाय व्हय त्यांच्यासाठी?" सांगणार कोण? मीच.

मी बाईंच्या खोलीवर गेलो आणि त्यांना अबोला म्हणजे काय ते सांगितलं. हे आता लिहितानाही मला स्वतःचा राग येतो, पण तेव्हा मला आपण फार शहाणपणाचं करतोय असं वाटत होतं. मी म्हणालो, बाई, तुमच्याकडे नुसतं न बोलणं असतं. आमच्याकडे अबोला असतो. तो धरता येतो, पाळता येतो. माझे वडील आणि चुलते चौदा वर्षं एकमेकांशी बोलले नाहीत. अंगण एक, विहीर एक, मोटर एक. पण कधी पाण्याची पाळी चुकली नाही, कधी पेरणी अडली नाही. कारण मधे माझी आई होती. वडील अंगणात उभे राहून म्हणायचे, "सांग त्याला, मोटर बंद कर म्हणावं." चुलते दोन हातांवर असायचे. त्यांना ऐकू जायचं, तरी ते आईकडे बघून म्हणायचे, "वहिनी, बंद केली म्हणावं." आईनं काही सांगायचीसुद्धा गरज नसायची. तिनं नुसतं तिथं असायचं. 'म्हणावं' हा शब्द नसता तर आमचं शेत दुसऱ्या दिवशी पडीक पडलं असतं.

बाईंनी वही काढली. 'अबोला' लिहून घेतलं, 'म्हणावं' लिहून घेतलं. दोन्ही शब्द चार-चार वेळा म्हणवून घेतले. दोन दिवसांनी प्रथमच त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी हललं. त्या म्हणाल्या, "म्हणजे हरायचंही नाही आणि काम थांबवायचंही नाही." मी म्हटलं, "हाव." मग मी साहेबांकडे गेलो आणि तेच सांगितलं. ते बराच वेळ बूट घालत राहिले. म्हणाले, "बरं. तू मधे उभा राहा."

आणि ते चाललं. दोन फ्रेंच माणसं माझ्या औश्याच्या इंग्रजीतून एकमेकांशी बोलू लागली. बाई खडकाच्या या टोकाला, साहेब त्या टोकाला, मधे मी. "त्याला सांग, ऊन पाच वाजता जाईल, म्हणावं." शेवटचा शब्द त्या मुद्दाम मराठीत म्हणायच्या, 'मनावं' असा, आणि मावशींशी बोलता बोलता आणखी दोन-चार शब्द त्यांनी उचलले. साहेब मला सांगायचे, मी वळून बाईंना सांगायचो. आवाज चढणं बंद झालं. सगळे आनंदले, कॅमेरावाल्यानं माझी पाठ थोपटली. अध्यक्षांनी फोनवर ऐकून घेतलं आणि म्हणाले, "लई भारी काम केलंस की गड्या. फ्रेंच लोकायला वळण लावलंस." मी फुशारलो.

तिसऱ्या दिवशी शेवटचा प्रसंग घ्यायचा होता. बाई म्हणाल्या, "त्याला सांग, ती वळेल, म्हणावं." मी साहेबांकडे गेलो आणि सांगितलं. माझी अपेक्षा होती, की आता ते काहीतरी उलट सांगतील. त्यांनी माझ्याकडे बघितलं, बाईंकडे नाही. मग पाण्याकडे बघितलं. म्हणाले, "सांग तिला, वळेल." एवढंच. ना भांडण, ना अर्धी भिंत. मी तो निरोप धावत पोचवला, आणि बाईंना जिंकल्याचा आनंद व्हायला हवा होता, पण त्या क्षणभर नुसत्या उभ्या राहिल्या. ओरडायला समोर कुणी नव्हतं, मी होतो. माझ्यावर काय ओरडणार? मावशी पाठमोऱ्या उभ्या राहिल्या, खूप वेळ, आणि साहेबांनी हात केल्यावर वळल्या.

परत येताना नांदेड ओलांडल्यावर विष्णुपुरी धरणाच्या पाण्याजवळ आम्ही चहाला थांबलो. बाई गाडीच्या पुढच्या बाजूला उतरल्या, साहेब मागच्या. दोघं त्याच पाण्याकडे दोन टोकांनी बघत राहिले. मला वाटलं, गावी गेले की ओरडतील, भांडतील, होईल सगळं पहिल्यासारखं. गोदामापाशी निरोप घेताना साहेबांनी माझा हात दोन्ही हातांत धरला. बाईंनी कपाळाला ओठ लावले. माझ्या बायकोपुढं मी लाजलो.

सिनेमा पुरा व्हायला वर्षाच्या वर गेलं. बाई संक्रांतीच्या आठवड्यात तो घेऊन आल्या. एकट्याच. पहिला खेळ आमच्या गोदामात होता, दुपारी, शटर ओढून. पांढरं कापड बांधलं, पोती सरकवून सतरंज्या टाकल्या. डाळ मिलमधल्या बाया, इस्लापूरकडचे मावशींचे भाऊ, आमचे सभासद शेतकरी, सगळे आले. मी बाईंना विचारलं, "साहेब?" त्या म्हणाल्या, "अबोला." शुद्ध मराठीत. मग हसून म्हणाल्या, "तू चांगलं शिकवलंस. आता मधे माझ्या ऑफिसची मुलगी असते. वर्षभर एक मोठा आवाज झाला नाही." दहावा सिनेमा या दोघांनी एकमेकांच्या तोंडाकडे न बघता पुरा केला होता, आणि तो माझ्या पद्धतीनं केला होता.

सिनेमा सुरू झाला. लोकांना स्वतःचे रस्ते, स्वतःची मिल, स्वतःच्या ओळखीचं ऊन पडद्यावर दिसत होतं आणि ते मोठमोठ्यानं बोलत होते. शेवटी धबधबा आला. मावशी पाठमोऱ्या उभ्या. गोदाम चिडीचूप झालं. मग पडद्यावरच्या मावशी वळल्या, चेहरा दिसला, आणि सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. बाई शेवटच्या सतरंजीवर बसल्या होत्या, त्या वाजवत नव्हत्या.

शटर वर केल्यावर बाईंनी मावशींना विचारलं, कसा वाटला. मी मधे. मावशी पदर सारखा करत म्हणाल्या, "झ्याक हाय. समदं झ्याक हाय. पर एक सांगू का? मला वळ म्हनले, मी वळले. मी आपली वळले नसते बगा. माझ्या म्हायेरची नदी हाय ती. पंचवीस वर्सांनी बगून राहिले, अन् पाठ फिरवू व्हय तिच्याकडं?" एवढं सांगून त्या चहा घ्यायला गेल्या. मी ते बाईंना इंग्रजीत सांगितलं. एकही शब्द सौम्य केला नाही, करायला हवा होता की नाही, मला अजून ठरवता येत नाही. बाई पोत्यावर बसल्या. म्हणाल्या, "पूर्वीसारखं भांडलो असतो तर त्यानं मला हे पटवलं असतं. किंवा मी त्याला दुसरं काहीतरी सुचवलं असतं. ओरडता ओरडता नेहमी तिसरंच काहीतरी निघायचं. या वेळी मी सांगितलं आणि त्यानं ऐकलं. त्यानं माझं असं कधीच ऐकलेलं नव्हतं." मग वर बघून त्यांनी विचारलं, "अबोला मोडतात कसा? ते तू सांगितलंच नाहीस."

खरं होतं. सांगितलं नव्हतं, कारण मला माहीत नव्हतं. "तुझ्या वडिलांचा कसा मोडला?" मी म्हटलं, "वडील गेले. मग चुलते आले, खांदा द्यायला." मला इतकं ओशाळं वाटलं, की मी घाईघाईनं संक्रांतीची गोष्ट सांगायला लागलो. तिळगूळ द्यायचा, गोड बोला म्हणायचं, जुनं सगळं सोडून द्यायचं, की अबोला सुटतो. बायकोनं घरून डबा आणला, तिळाचे लाडू आणि हलवा. बाईंनी विचारलं, "कुणी आधी?" आणि मी, ज्याला विचारलं की सांगायची खोड आहे, मी म्हणालो, "मोठ्यानं तिळगूळ द्यायचा. मग लहान्यानं पाया पडायचं. आधी बोलायचं ते लहान्यानं."

साहेब तीन वर्षांनी लहान होते. हे मला ठाऊक होतं, बाईंनीच सांगितलं होतं. तरी माझ्या डोक्यात प्रकाश पडला नाही, की हा नियम साहेबांना कोण सांगणार. बाईंनी मान हलवली, डबा रुमालात बांधला आणि पर्समध्ये ठेवला. दोन दिवसांनी त्या गेल्या.

फेब्रुवारी गेला. हरभरा यायला लागला, गोदामात पाय ठेवायला जागा नव्हती. एका दुपारी मी काट्याजवळ उभा असताना त्यांचा फोन आला. आवाजावरूनच मला कळलं. साहेब परवा गेले होते. हृदय थांबलं, झोपेत. शेजारणीला सकाळी कळलं. मी मशीन बंद करायला लावलं आणि बाहेर लिंबाखाली आलो.

बाई अगदी सावकाश बोलत होत्या. म्हणाल्या, "डबा त्याला पोचला होता. मी मुलीच्या हाती पाठवला होता." मी म्हटलं, बरं केलंत. त्या म्हणाल्या, "त्यानं मुलीला विचारलं, हे काय आहे, याचं काय करायचं. मुलगी मला विचारायला आली. मी म्हटलं, त्याला सांग, खायचं असतं, म्हणावं." मग म्हणाल्या, "एवढंच सांगितलं मी. आणि वाट बघत बसले. तो लहान होता ना."

मी म्हटलं, "बाई, माझं चुकलं. तो नियम वगैरे काही नसतो. कुणीही आधी बोलावं. मी आपलं बोलून गेलो." त्या म्हणाल्या, "तुझं नाही चुकलं. मला तो सोयीचा होता. उशीर करायला कारण मिळालं. काल त्याच्या घरी गेले होते. डब्यात दोन लाडू उरले होते. त्यानं दोन-चार दिवसांआड एक खाल्ला असणार. तो सगळं तसंच खायचा, पुरवून पुरवून." आणि त्या रडल्या. मी इकडे लिंबाला हात लावून उभा होतो. माझेही डोळे भरले. चौदा वर्षं आई अंगणात दोघांच्या मधे का उभी राहायची आणि नंतर चुलीपुढं बसून का रडायची, हे मला त्या दुपारी पहिल्यांदा नीट समजलं. आम्ही तिचं कौतुक करत आलो, की तिच्यामुळं काही अडलं नाही. अडायला हवं होतं. एक पेरणी अडली असती तर ते दोघं एकमेकांच्या अंगावर धावून गेले असते, आणि मग बोलले असते.

बाईंनी डोळे पुसले असावेत, कारण त्यांचा आवाज बदलला, कामाचा झाला. त्या म्हणाल्या, सिनेमा अजून जगानं बघितलेला नाही. शेवट त्या बदलणार होत्या. नवीन काही घ्यायला नको, मावशी वळायच्या आधी खूप वेळ तशाच उभ्या आहेत, तिथंच तोडायचं. पाण्याकडे बघता बघता संपेल. मी म्हटलं, साहेबांना तेच हवं होतं. "हो," त्या म्हणाल्या, "त्याला तेच हवं होतं."

फोनवर मला त्यांच्या खालच्या बेकरीचं शटर की काय, काहीतरी ओढल्याचा आवाज आला. आणि बाई इंग्रजी सोडून, इस्लापूरच्या खडकावर शिकलेल्या त्या चार शब्दांच्या मराठीत म्हणाल्या, "त्याला सांग. ती वळत नाही, मनावं."

तिथं प्रत्येक निरोपाला मी जे म्हणत होतो, तेच तोंडून गेलं. "हाव बाई," मी म्हणालो, "सांगतो."

त्यांनी फोन ठेवला नाही. मी त्या टोकाला जाऊन उत्तर घेऊन येईन, तेवढा वेळ त्या थांबून राहिल्या.